शिकाऊंचे जहाज



व्याख्यानमालेच्या चालकांनी मला विषय विचारला तेव्हा मी 'शिकाऊंचे जहाज' असे सांगितले आणि फोनवर पलीकडे जरा वेळ कोणी बोलेना. त्यांचे काही चुकले नाही. युनियनचा माणूस आहे, बोनसवर बोलेल, फार तर नव्या कामगार कायद्यांवर बोलेल, अशी त्यांची अपेक्षा. शिवाय नंदुरबारला समुद्र नाही. आपल्याकडे तापी आहे, वर सातपुड्यापलीकडे नर्मदा आहे, पण जहाज म्हणून जे काही असते ते पाहायचे तर रेल्वेत बसून मुंबईच गाठावी लागते. मी स्वतः पहिले मोठे जहाज पाहिले तेव्हा तिशी उलटून गेली होती, आणि तेही एका मोर्च्यासाठी मुंबईला गेलो असताना. तेव्हा मी दर्यावर्दी नव्हे, हे आधीच कबूल करतो. जे सांगणार आहे ते वाचनालयात बसून आणि गोदीतल्या कामगार मित्रांना विचारून जमवलेले आहे.

पण हा विषय मला पुस्तकातून सुचला नाही. गेल्या पावसाळ्यात आयटीआयच्या मुलांसमोर मी अप्रेंटिसच्या हक्कांबद्दल बोलत होतो. १९६१ चा कायदा, विद्यावेतन, कामाचे तास, हे सगळे सांगून झाले. 'कोणाला काही विचारायचे आहे का?' म्हटल्यावर धडगावकडचा एक मुलगा उठला. तो म्हणाला, "काका, लेथवर चूक झाली तर तुकडा वाया जातो, मिस्त्री ओरडतो. बोट चालवायला शिकताना चूक झाली तर काय होतं?"

खोलीतली पोरे एकदम गप्प झाली. आपल्यापैकी अनेकांना आठवत असेल, जानेवारी २०१९ मध्ये ऐन संक्रांतीच्या दिवशी धडगाव तालुक्यात नर्मदेच्या पाण्यात माणसांनी भरलेली बोट उलटली. माणसे गेली, त्यांत मुलेही होती. सरदार सरोवराचे पाणी चढल्यापासून त्या बाजूच्या गावांचा रस्ता म्हणजे पाणीच झाला आहे. बाजार बोटीने, दवाखाना बोटीने, निवडणुकीची पेटीसुद्धा बोटीने जाते. आणि ती बोट चालवणारा ते काम कोठे शिकला? तर पाण्यावर, भरल्या बोटीत, प्रवाशांना घेऊन. त्या मुलाच्या प्रश्नाला माझ्याजवळ त्या दिवशी उत्तर नव्हते. 'पाहून सांगतो' असे म्हणून मी वेळ मारून नेली. आजचे व्याख्यान म्हणजे ते उधार राहिलेले उत्तर आहे असे समजा.

आधी थोडे माझे स्वतःचे सांगतो, कारण त्यावाचून पुढचे कळणार नाही. अठरा-एकोणीस वर्षांचा असताना मी एका कारखान्यात शिकाऊ म्हणून लागलो. दीड वर्ष मी दिवा धरला. अक्षरशः दिवा. मिस्त्री यंत्राखाली शिरत आणि मी वायरीचा दिवा त्यांच्या तोंडाशी धरून उभा राही. लेथला हात लावायला मिळाला नाही. मिस्त्री काही दुष्ट नव्हते. खात्यात लेथ दोन, दोन्हींवर दिवसभराचा माल ठरलेला, आणि तो संध्याकाळपर्यंत निघाला नाही तर बोलणी त्यांना बसणार. त्यात माझ्या हातून तुकडा बिघडायला जागाच नव्हती. ज्या ठिकाणी प्रत्येक यंत्र कामाला जुंपलेले असते, त्या ठिकाणी शिकणाऱ्याच्या वाट्याला दिवा येतो. मला शिकवायला एक तिसरा लेथ हवा होता. जुना चालला असता, मोडका चालला असता, पण ज्याच्यावर माल काढायचा नाही असा.

शिकाऊंचे जहाज म्हणजे हा तिसरा लेथ. देश जेव्हा काही हजार टनांचे जहाज बांधतो आणि म्हणतो की याचे पहिले काम शिकवणे, तेव्हा तो पोराला चूक करण्यासाठी जागा विकत घेऊन देत असतो. ही जागा कोणाला मिळाली, केवढी मिळाली आणि आराखड्याच्या कागदावर ती कशी काढली गेली, एवढाच माझा आजचा विषय आहे. जहाजांचे व्याख्यान म्हटले की कान्होजी आंग्र्यांपासून सुरुवात करण्याची आपल्याकडे पद्धत आहे. कान्होजींना मुजरा करून मी एकदम १९२७ सालावर येतो.

त्या साली मुंबईत माझगावच्या धक्क्यासमोर 'डफरिन' नावाचे एक जहाज नांगरून उभे राहिले. जहाज नवे नव्हते. १९०४ साली ते इंग्लंडमध्ये बांधले गेले होते, फौजा वाहून नेण्यासाठी. आता त्याच्यावर हिंदी मुलांना व्यापारी जहाजांचे अधिकारी होण्याचे शिक्षण मिळणार होते. ही गोष्ट सहज घडली नाही. त्या काळात आपल्या किनाऱ्यावरून जाणारी-येणारी मोठी जहाजे बहुतेक विलायती कंपन्यांची. १९१९ साली वालचंद हिराचंद आणि नरोत्तम मोरारजी यांनी सिंधिया कंपनी काढली आणि ५ एप्रिलला 'लॉयल्टी' हे जहाज मुंबईहून विलायतेला धाडले. आज तो दिवस सागरी दिन म्हणून पाळला जातो. जहाज झाले, पण त्याच्यावर हुकूम देणारा हिंदी माणूस आणायचा कोठून? हा प्रश्न कायदेमंडळात गाजला, १९२३ साली त्यावर समिती बसली आणि तिच्या शिफारशीतून डफरिन आले.

डफरिनच्या पहिल्या तुकडीत रामदास कटारी नावाचा एक मुलगा होता. पुढे १९५८ साली हेच कटारी भारतीय नौदलाचे पहिले भारतीय प्रमुख झाले. एका जुन्या, जागचे न हलणाऱ्या जहाजाने किती काम केले ते यावरून समजावे. जागचे न हलणारे हे मुद्दाम सांगतो. डफरिन समुद्रावर फिरत नव्हते. पोरे तेथेच राहत, तेथेच शिकत, आणि वल्ह्याच्या नि शिडाच्या होड्या बंदरात उतरवून हात बसवत. होडी कलली तर पोरगा भिजेल, फार तर गटांगळी खाईल. दोरखंडाची गाठ चुकली तर पुन्हा मारायची. बंदराच्या शांत पाण्यात चुकीची किंमत कमी केली होती. १९७२ साली डफरिनच्या जागी 'राजेंद्र' आले आणि १९९३ पासून हे शिक्षण नवी मुंबईत 'चाणक्य' या नावाने जमिनीवर चालू झाले.

येथवर सगळे छान आहे. पण माझ्या धंद्याचा माणूस येथे थांबू शकत नाही. डफरिनवर कोणाची मुले गेली? ज्यांच्या घरी इंग्रजी शिकवण्याची आणि फी भरण्याची ऐपत होती त्यांची. आणि त्याच काळात त्याच मुंबई बंदरातून विलायती जहाजांवर हजारोंनी खलाशी जात होते. रत्नागिरी जिल्ह्यातली माणसे डेकवर, गोव्याची माणसे खानपानाला, आणि खाली भट्टीसमोर कोळसा ओढायला पंजाबची, सरहद्दीची. त्यांना इंग्रज 'लस्कर' म्हणत. त्यांचे शिक्षण कोठे झाले? न्हावा येथे सर महंमद युसूफ यांनी खलाशांच्या शिक्षणासाठी काढलेली संस्था होती, तिचे नाव आदराने घेतले पाहिजे. पण अशा एखाद्या संस्थेत किती मावणार? बाकीचे सगळे भरल्या बोटीत शिकले. सारंगाच्या शिव्या हेच पुस्तक. अधिकाऱ्यासाठी तिसरा लेथ आणि खलाशाच्या हाती दिवा, अशी ती वाटणी होती. सरकारने खलाशांसाठी शिकाऊ जहाजे काढली ती स्वातंत्र्यानंतर: कलकत्त्याला 'भद्रा', विशाखापट्टणला 'मेखला', सौराष्ट्रात नवलखीला 'नौलक्षी'. ही नावे आज फारशी कोणाला ठाऊक नाहीत. डफरिनच्या माजी विद्यार्थ्यांनी आठवणी लिहिल्या, भद्रेच्या खलाशांना तेवढी सवड झाली नसावी.

आता आणखी एका शिकाऊ जहाजाकडे वळतो, जे जहाजच नव्हते. नौदलाची एक गंमत आहे. जमिनीवरच्या तळालाही ते जहाजाचेच नाव देते आणि तेथे जहाजाचेच नियम चालवते. लोणावळ्याला, सह्याद्रीच्या माथ्यावर, १९४५ सालापासून 'शिवाजी' नावाचे असे एक जहाज उभे आहे, तेथे नौदलाचे यंत्रविशारद तयार होतात. तसेच मुंबईत कुलाब्याला 'तलवार' होते. येथे संदेश पाठवण्याचे, बिनतारी यंत्राचे शिक्षण मिळे. म्हणजे येथली मुले शिकलेली, वर्तमानपत्र वाचणारी. लढाईच्या दिवसांत भरतीच्या जाहिरातींनी त्यांना पुष्कळ गोष्टी कबूल केल्या होत्या. प्रत्यक्षात मिळाले काय? खडे असलेली डाळ, निकृष्ट पाव, गोऱ्या नाविकांपेक्षा कमी पगार आणि वरून अधिकाऱ्याच्या तोंडची आईबहिणीवरची भाषा. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी तलवारच्या मुलांनी जेवायला आणि कामाला नकार दिला. चार-पाच दिवसांत हा संप अठ्ठ्याहत्तर जहाजांवर आणि वीसेक तळांवर पसरला, वीस हजारांवर नाविक त्यात आले. २२ तारखेला मुंबईच्या गिरणी कामगारांनी त्यांच्या पाठिंब्यासाठी हरताळ पाळला आणि रस्त्यावर गोळीबारात दोनशेहून अधिक माणसे मेली. नाविकांनी शस्त्रे खाली ठेवली, आणि शेकडो जणांना नोकरीतून काढून घरी धाडले.

या संपाला कोणी बंड म्हणतात, कोणी स्वातंत्र्यलढ्यातले शेवटचे पर्व म्हणतात. राजकारणाचा भाग मोठा आहे आणि तो मी नाकारत नाही. पण मला त्यातली डाळ विसरता येत नाही. ज्याला बिनतारी यंत्राचे बारकावे शिकवायचे, त्याच्या ताटात खडे वाढायचे, हा शिक्षणाच्या रचनेतलाच दोष होता. जहाजाचा आराखडा काढणारा स्वयंपाकघर कोठे ठेवतो, पिण्याच्या पाण्याची टाकी केवढी धरतो, माणशी झोपायला किती फूट देतो, यात इंजिनाइतकीच विद्या आहे. संपाच्या मागण्यांचा कागद आणि जहाजाचा नकाशा हे दोन्ही मी एकाच नजरेने वाचतो, माझा नाइलाज आहे.

आता नकाशाच उघडू. नांगरून ठेवलेले जहाज एका मर्यादेपर्यंत शिकवते. समुद्रावर हेलकावे खात नकाशावर रेघ कशी ओढायची, ओकारी येत असताना पहारा कसा द्यायचा, हे धक्क्याला बांधलेल्या जहाजावर येत नाही. आपल्या नौदलाने म्हणून जुन्या लढाऊ जहाजांवर मुले चढवली. दुसऱ्या महायुद्धातले 'तीर' नावाचे एक फ्रिगेट १९४८ पासून याच कामाला लावले होते. पण लढाऊ जहाजात प्रत्येक इंच लढाईसाठी ठरलेला असतो. तेथे शिकाऊ म्हणजे पुन्हा दिवा धरणारा. शेवटी खास शिकवण्यासाठीच जहाज बांधायचे ठरले. ते माझगाव गोदीत बांधले गेले, म्हणजे ज्या धक्क्यासमोर डफरिन उभे होते त्याच किनाऱ्यावर, आणि १९८६ साली ते नौदलात दाखल झाले. नाव पुन्हा 'तीर'च. किनारा म्हणा की बाण म्हणा, दोन्ही अर्थ शोभतात.

या तीरची लांबी सुमारे १०६ मीटर. आपल्या स्टेशनात उभ्या असलेल्या गाडीचे पाच डबे मोजा, साधारण तेवढी. रुंदी १३ मीटर, म्हणजे एसटीची एक गाडी आडवी घातली तर कशीबशी मावेल. वजन पूर्ण भरल्यावर तीन हजार टनांच्या वर. वेग १८ नॉट, म्हणजे ताशी तेहतीसेक किलोमीटर. यात नाट्यमय असे काही नाही. त्याहून वेगवान, त्याहून शस्त्रसज्ज जहाजे त्याच गोदीत बांधली गेली. तीरवर शस्त्रे नावापुरती. पण आकड्यांत एक आकडा असा आहे की जो लढाऊ जहाजात सापडत नाही. जहाज चालवणाऱ्या माणसांखेरीज सुमारे १२० कॅडेट राहतील एवढी सोय. सव्वाशे माणसे अशी, की ज्यांच्यावाचून जहाजाचे काही अडत नाही, आणि ज्यांच्यासाठीच ते जहाज आहे.

या १२० माणसांनी आराखड्याचे काय होते पाहा. प्रत्येकाला बिछाना हवा. प्रत्येकाला रोज पाणी हवे, दोन वेळा जेवण हवे, म्हणजे टाक्या, कोठार, थंडगार खोल्या वाढल्या. वर्ग हवेत. नकाशावर काम करायला टेबले हवीत, आणि ती सुकाणूच्या खोलीत ठेवून चालत नाही. एका खोलीत पंचवीस पोरे घुसली तर ज्याला जहाज चालवायचे त्याला समोरचे दिसणार नाही. म्हणून शिकाऊंसाठी वेगळी जागा करतात, जेथे तेच आकाश, तोच समुद्र पाहून पोरगा स्वतःचे गणित मांडतो आणि नंतर खऱ्या गणिताशी ताडून पाहतो. चुकले तर कागदावर चुकले. जहाज आपल्या वाटेने जातच असते. जीवरक्षक होड्या, तराफे, जाकिटे सगळ्यांना पुरतील एवढी, आणि निघायचे रस्ते रुंद, कारण नवखा माणूस अंधारात शिडी चुकतो. इंजिनाच्या खोलीत यंत्राभोवती उभे राहून पाहता येईल एवढी मोकळी जागा. लढाऊ जहाज बांधणाऱ्याला ही सगळी चैन वाटेल.

परदेशात याच्याही पुढे गेलेले लोक आहेत. पश्चिम जर्मनीने १९६३ साली 'डॉइशलांड' नावाचे शिकाऊ जहाज नौदलात आणले. त्यात डिझेल इंजिने बसवली आणि वर वाफेचे टर्बाइनही बसवले. व्यवहारी माणूस म्हणेल, एका जहाजाला दोन तऱ्हेची यंत्रे म्हणजे दुप्पट सुटे भाग आणि दुप्पट डोकेदुखी. पण त्यांचा हिशेब वेगळा होता. नौदलात दोन्ही प्रकारची जहाजे आहेत, तेव्हा पोराने दोन्ही यंत्रांना हात लावलेला असावा. तिसरा लेथच नव्हे, चौथाही! मला त्या अनाम इंजिनियराचे कौतुक वाटते.

आणि आपल्याकडे गोवा शिपयार्डने १९९७ साली 'तरंगिणी' दिली, तीन डोलकाठ्यांचे, वीस शिडांचे जहाज. क्षेपणास्त्रांच्या काळात शिडे कशाला, असे मलाही आधी वाटले. एका जुन्या खलाशाने समजावले. इंजिन माणसाला वाऱ्याची ओळख करून देत नाही. शिडाचा दोर एकट्याने ओढता येत नाही, दहा जणांनी एका सुरात ओढावा लागतो, आणि त्या दहांत कोण कोणत्या घरचा आहे हे दोराला कळत नाही. तरंगिणीने २००३-०४ मध्ये पृथ्वीप्रदक्षिणा केली. २०१२ साली तिची बहीण 'सुदर्शिनी' आली, तीही गोव्याचीच.

आता त्या मुलाच्या प्रश्नाकडे येतो. चूक झाली तर काय होते?

२६ जुलै १९३२. जर्मन नौदलाचे 'नीओबे' नावाचे शिडाचे शिकाऊ जहाज बाल्टिक समुद्रात चालले होते. हे जहाज मुळात मालवाहू. १९१३ साली डेन्मार्कमध्ये बांधलेले, नंतर हातबदल होऊन शिकाऊंसाठी फेरफार केलेले. दिवस उन्हाळ्याचा, म्हणून हवेसाठी खिडक्या-झडपा उघड्या होत्या. एकाएकी वावटळ आली, जहाज एका कुशीवर आडवे झाले, उघड्या झडपांतून पाणी आत शिरले आणि काही मिनिटांत सगळे संपले. एकोणसत्तर जण मेले, चाळीस वाचले. खाली असलेल्या पोरांना वर येण्याइतका वेळही मिळाला नाही. इंग्रजांनाही याच जातीचे धडे मिळालेले आहेत. १८७८ साली 'युरिडिसी' हे शिकाऊ जहाज घराच्या किनाऱ्यापासून हाकेच्या अंतरावर हिमवादळात उलटले आणि तीनशेहून अधिक बुडाले.

जहाज उलटते कसे, हे समजण्यासाठी गणित नको. जत्रेत ती डोलणारी बाहुली मिळते, पाडली तरी उभी राहणारी. तिच्या बुडात शिशाचा गोळा असतो. तो गोळा काढून डोक्यात बसवा, बाहुली पडली की पडलीच. प्रत्येक जहाज ही अशी बाहुली आहे. वजन खाली असेल तर लाटेने कलले तरी सावरते. वजन वर चढत गेले की सावरण्याची ताकद कमी होत जाते, आणि गंमत अशी की शांत पाण्यात काही कळत नाही. शांत पाण्यात ते जहाज उलट फार ऐटदार, संथ डुलते. वारा आला की मग कळते. म्हणून जहाजाच्या बुडाशी मुद्दाम वजन भरतात, खलाशी त्याला नीरम म्हणतात.

शिकाऊ जहाजाचे दुखणे नेमके येथे आहे. माणसांना हवा हवी, उजेड हवा, म्हणून वर्ग, खोल्या, बिछाने सगळे वरच्या मजल्यांवर चढू लागते. वर शे-सव्वाशे माणसे, जी अजून कोठे उभे राहावे हे शिकायची आहेत. एका बाजूला काही दिसले की सगळी त्या कठड्याला धावणार. आराखडा काढणाऱ्याला हे सगळे आधी धरावे लागते. नीओबे बुडाल्यावर जर्मनांनी नवे जहाज बांधले, 'गोर्ख फोक'. शंभर दिवसांत बांधून १९३३ च्या मेमध्ये पाण्यात सोडले, आणि त्याच्या बुडाशी इतके भरपूर वजन घातले की फार मोठा कल आला तरी ते सावरावे. एकोणसत्तर पोरांनी त्या आराखड्यावर सही केली होती असे मी म्हणतो.

धडगावच्या बोटीतही क्षमतेपेक्षा जास्त माणसे होती असे त्या वेळी छापून आले होते. पण क्षमता म्हणजे काय, ती बोटीवर कोणी रंगवली होती काय, आणि बोटवाल्याला ती मोजायला कोणी शिकवली होती काय? बोटवाल्याला शिव्या देणे सोपे आहे.

शेवटी आजच्या घडीचे सांगतो. मार्च २०२३ मध्ये केंद्र सरकारने तीन नवी शिकाऊ जहाजे बांधण्याला मंजुरी दिली, किंमत तीन हजार एकशे कोटींच्या आसपास. काम लार्सन अँड टूब्रोच्या चेन्नईजवळील कट्टुपल्ली गोदीत. त्यांतले पहिले पाण्यात उतरले आहे. त्याचे नाव 'कृष्णा'. महाबळेश्वरच्या कृष्णेचा मान झाला, आमच्या तापीचाही कधी व्हावा. या जहाजांवर मुलांबरोबर मुलीही शिकणार आहेत आणि तशी सोय आराखड्यातच धरलेली आहे. वाचायला हे एका ओळीचे वाटते. पण ज्या कारखान्यांत बायका काम करतात आणि त्यांच्यासाठी संडास मागाहून, भांडून, पत्र्याचा आडोसा घालून मिळवावा लागतो, तेथे मी वर्षे काढली आहेत. आधी धरणे आणि मागाहून चिकटवणे यांत किती फरक आहे ते मला विचारा.

ही जहाजे बहुउपयोगी आहेत. शिकवणे हे मुख्य काम. पण संकटात सापडलेल्या लोकांना बाहेर काढणे, समुद्रात शोध घेणे, वादळ-भूकंपानंतर मदत पोचवणे, हीही कामे त्यांच्याकडून घेतली जातील. तत्त्वतः याला माझी हरकत नाही. वर्गाची खोली प्रसंगी दवाखाना होऊ शकते, बिछाने आहेतच, स्वयंपाकघर मोठे आहेच. मार्च २०२० मध्ये नौदलाच्या शिकाऊ तांड्यातल्या 'शार्दूल' जहाजाने पूरग्रस्त मादागास्करला सहाशे टन तांदूळ नेऊन पोचवला. हा तांदूळ उतरताना पाहिलेला पोरगा पुढे अधिकारी झाला तर मला बरे वाटेल. जुने तीरही थकलेले नाही. २०२५ साली सुद्धा ते शिकाऊंना घेऊन आफ्रिकेच्या बाजूची बंदरे करून आले.

पण 'बहुउपयोगी' हा शब्द ऐकला की माझ्या मनात एक शंका येते, ती बोलून दाखवतो. कारखान्यातला तिसरा लेथ मी पुढे युनियनमधून भांडून मिळवला होता. दोन वर्षे मुले त्याच्यावर शिकली. मग एकदा मोठी ऑर्डर आली, 'तात्पुरता' म्हणून तो लेथ मालाला लावला, आणि तो पुन्हा शिकाऊंकडे आला नाही. कोणी वाईट हेतूने केले नाही. निकड असतेच. ज्याचे काम उद्यावर टाकले तरी आज कोणी ओरडत नाही, असा एकच माणूस असतो, शिकणारा. त्याची जागा नेहमी पहिली जाते. त्या तिन्ही जहाजांच्या बाबतीत एवढे मात्र कोणीतरी दर वर्षी मोजत राहावे, की त्यांतले किती दिवस खरोखर शिकवण्यात गेले. माझ्यासारख्या बिनसमुद्राच्या माणसाला संरक्षण खात्याला सल्ला देण्याचा अधिकार नाही, पण कर मीही भरतो.

त्या मुलाला काय सांगितले ते सांगतो आणि थांबतो. दिवाळीच्या सुमारास मी त्याला आणि त्याच्या मित्रांना युनियनच्या कचेरीत बोलावले. मागच्या बाजूला एक सिमेंटचा हौद आहे. तेलाचा पंधरा किलोचा रिकामा डबा उभा कापून आम्ही त्याची बोट केली. आधी तळाशी वाळू भरली आणि हाताने कललवून पाहिली. ती दर वेळी उठून बसली. मग वाळू काढून तिच्यावर फळी आडवी टाकली आणि फळीवर खडे मांडत गेलो, एक खडा म्हणजे दहा माणसे असे धरून. सहा खड्यांपर्यंत बोट मोठ्या दिमाखात उभी होती. सातव्या खड्यालाही काही झाले नाही. मग त्या मुलाने हौदाच्या पाण्यावर हलकेच फुंकर घातली. खडे बुडाले, बोट उलटी तरंगत राहिली. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, "पुन्हा मांडू, आणि या वेळी निम्मे खडे खाली ठेवू." त्या दुपारी आम्ही ती बोट वीस-बावीस वेळा बुडवली असेल. पाण्याच्या कोणत्या रेषेपर्यंत डबा बुडाला की थांबायचे, ती रेषा त्याने खिळ्याने डब्यावर ओरखडून ठेवली.

डबा अजून कचेरीत आहे. आता आयटीआयची मुले दर रविवारी सकाळी येतात, धडगाव-अक्कलकुव्याच्या बाजूचे दोन बोटवालेही गेल्या महिन्यात येऊन गेले. ज्यांना यायचे असेल त्यांनी यावे. कपडे भिजतात, तेवढी तयारी ठेवावी.